घड्याळजींचे नाव परत लावण्याबाबत

मी, खाली सही करणारी, वय एकाहत्तर पूर्ण, अविवाहित, अंध मुलांची पुस्तके छापणाऱ्या छापखान्यातून निवृत्त, असे लिहून ठेवते की माझी बुद्धी शाबूत आहे, माझ्यावर कोणाचे दडपण नाही, आणि जे लिहीत आहे ते मला पुरते समजते आहे. उजव्या गुडघ्याचा आणि डाव्या डोळ्याचा भरवसा देता येत नाही, पण त्यांचा या कागदाशी संबंध नाही. यापूर्वी मी एक मृत्युपत्र केले होते. ते दीड पानाचे होते आणि त्यात मुद्द्याची एकही गोष्ट नव्हती. ते रद्द समजावे.

एक. राहते घर, म्हणजे दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि गॅलरी, माझ्या भाचीला द्यावे. गॅलरीच्या दाराची कडी खालून उचलून लावावी लागते. ओढली की निखळते. जावईबापूंना ओढायची सवय आहे, हे तिने ध्यानात ठेवावे. बँकेत जे काही शिल्लक असेल ते अंध शाळेच्या वाचनालयाला द्यावे.

दोन. माझ्या वहिनीला मी काहीही देत नाही. ती या कागदावर साक्षीदार आहे आणि साक्षीदाराला काही देऊ नये असे वकिलांनी बजावले आहे. शिलाई मशीनवर तिचा डोळा होता, म्हणून ते मी मागच्याच सोमवारी तिच्या घरी पोचते केले. आता कोणाला बोट दाखवायला जागा नाही.

तीन. छापखान्याचे माजी व्यवस्थापक हयात असल्यास त्यांच्यावरचा माझा राग मी सोडून देते. हकिगत अशी. जस्ताच्या पत्र्यावर ब्रेलचे टिंब उठवणारे आमचे यंत्र एका जुन्या संगणकावर चालते. त्या संगणकाला उठवून कामाला लावणारी जी ऑपरेटिंग सिस्टिम, तिच्याकडे ती बनवणाऱ्या कंपनीने तेवीस वर्षांपूर्वी पाठ फिरवली. दुरुस्ती बंद, फोन बंद, पत्रांना उत्तर बंद. यंत्राचा कारखाना तर त्याआधीच बुडाला होता. नव्या संगणकाचे आणि आमच्या यंत्राचे काही केल्या जमेना. व्यवस्थापक म्हणाले, "भंगारात काढा. नवीन आलं की बघू."

"नवीन कधी येणार?"

"ते वर ठरेल."

वर ते अजून ठरायचे आहे. यंत्र मी हलू दिले नाही आणि ते आजही टिंब उठवते आहे. तेव्हा राग धरून बसण्यात अर्थ नाही.

चार. त्याच सुमारास कळले की असे अडलेले आपण एकटेच नाही. एका विणकराचे नक्षीचे माग, हवामान केंद्रातल्या एका बाईंची वारा मोजणारी पेटी, दातांच्या एका डॉक्टरांचे क्ष-किरण यंत्र, सगळी याच सिस्टिमवर चालत होती. आम्ही एकमेकांना पत्रे लिहू लागलो, मग संगणकावर सगळ्यांना लिहिता-वाचता येईल असा एक फलक केला आणि माणसे चाळीसच्या वर गेली. सिस्टिमला आम्ही 'म्हातारी' म्हणत असू. आता कशाला तिला धरून बसलात, असे कोणी विचारले की विणकर म्हणायचा, "म्हातारी मेल्याचं दुःख नाही हो, काळ सोकावतो. आज ही, उद्या माग, परवा मी."

ज्याला जी खोट दिसेल ती त्याने दुरुस्त करायची आणि मला पाठवायची. मी ती घरच्या तीन संगणकांवर तपासून, महिनाअखेर सगळ्या दुरुस्त्या एकत्र बांधून सर्वांना पाठवायची. त्याला 'गाठोडे' हे नाव पडले. गाठोड्यावर माझी मोहोर असली तरच संगणक ते आत घेई. मोहोर म्हणजे लाखेचा ठसा नव्हे. बोटभर पेनड्राइव्हमध्ये ठेवलेली आकड्यांची एक लांबलचक ओळ. ती माझ्याकडे होती, कारण मी एकटी राहत होते, मला वेळ होता आणि मी चुकत नाही अशी माझी ख्याती होती. ही ख्याती मीच पसरवली होती.

पाच. आता घड्याळजी.

ते घड्याळे दुरुस्त करीत. घड्याळाची टिकटिक ऐकून ते किती मागे-पुढे पडते हे सांगणारे एक यंत्र त्यांच्या दुकानात होते. ते म्हातारीवर चालायचे, म्हणून ते आमच्यात आले. संगणकाचे काम त्यांनी पन्नाशीनंतर, पुस्तके वाचून, गिऱ्हाईक नसेल तेव्हा शिकून घेतले. मी त्यांना कधी प्रत्यक्ष पाहिले नाही. फोनवर आवाज बारीक, शब्द मोजके. दुसऱ्याची चूक दाखवायची झाली की आधी "माझ्या समजण्यात चूक असेल" असे म्हणायचे.

म्हातारीच्या पंचांगात एक मोठा दोष होता. तिला बनवणाऱ्यांनी तिला ठराविक तारखेपर्यंतचेच आयुष्य धरले होते. त्या दिवसानंतर ती तारीख मोजताना भलतीकडे भरकटणार होती. कोणालाच हे जमेना. घड्याळजींनी सात महिने खपून त्यावर उपाय लिहिला. त्या लिखाणात संगणकाला न दिसणारी, फक्त वाचणाऱ्या माणसासाठी असलेली टिपणे ते मधूनमधून घालत. 'इथे सावकाश. घाई केली तर काटा तुटेल.' 'हे गिचमिड दिसते, पण चालते. पुढच्याने नीट करावे.' एका ठिकाणी लिहिले होते, 'हे ताई तपासतील, म्हणजे चिंता नाही.'

ताई म्हणजे मी.

ते गाठोडे मी बांधले, मोहोर लावली आणि पाठवले. चौथ्या दिवशी विणकराचा फोन आला. तो ओरडला नाही, "सगळी नक्षी गेली" एवढेच म्हणाला. म्हातारीला एक सोय होती, आठवड्याहून जुन्या तात्पुरत्या फायली आपण होऊन पुसायची. गाठोडे आत घेतल्यावर तारीख चुकल्यामुळे तिला सगळेच जुने वाटू लागले. विणकर आपली नक्षी त्याच तात्पुरत्या फायलींच्या कप्प्यात ठेवायचा. एकोणीस वर्षांची नक्षी होती, त्यातली अर्धी त्याच्या वारलेल्या वडिलांची. नक्कल दुसऱ्या डिस्कवर होती, पण ती डिस्कही त्या वेळी जोडलेली असल्याने तीही पुसली गेली. आमच्या छापखान्यात भूमितीची दोन पुस्तके गेली. त्या वर्षी अंध शाळेतली मुले भूमिती पुस्तकाशिवाय शिकली.

मी त्याच दुपारी फलकावर लिहिले: "घड्याळजींच्या फाईलमुळे हे घडले आहे. यापुढे त्यांचे काम स्वीकारले जाणार नाही." लिहिण्याआधी मी काहीही उघडून पाहिले नाही.

संध्याकाळी घड्याळजींचा फोन आला. "ताई, मी धाडलेली फाईल आणि गाठोड्यात गेलेली फाईल एकच आहे ना, एवढं एकदा बघाल का?"

मी म्हणाले, "अकरा वर्षं गाठोडं बांधतेय मी. मला शिकवू नका."

ते म्हणाले, "बरं."

आमचे एवढेच बोलणे झाले. सगळे मिळून अर्धे मिनिट. त्यानंतर आठ महिन्यांनी ते हृदयविकाराने गेले. फलकावर कोणीतरी दोन ओळी लिहिल्या. मी लिहिल्या नाहीत. मी त्यांना मारले असे मी म्हणणार नाही. त्यांचे हृदय आधीपासून अधू होते आणि नसलेले अपराध मिरवण्यात एक प्रकारची फुशारकीच असते. जो आहे तेवढा मला पुरे आहे.

सहा. त्यांची फाईल नंतर दुरुस्त रूपात आम्ही वापरलीच, कारण तिच्यावाचून म्हातारी एक दिवसही चालली नसती. दुरुस्त रूप त्यांनीच जाण्यापूर्वी विणकराकडे पाठवून ठेवले होते, सोबत एक शब्दही न लिहिता. मी फक्त त्यावरचे नाव खरवडून काढले. संगणक सुरू झाला की त्या फाईलची एक ओळ पडद्यावर उमटते: 'वेळ लावली आहे. कामाला लागा.' रोज सकाळी, तीन संगणकांवर तीनदा. एकदा मी ती ओळ काढून टाकली. दुसऱ्या दिवशी त्या जागी नुसती रिकामी पट्टी आणि लुकलुकणारी रेघ आली. ती मला चार दिवसही सोसवेना. कोणीतरी बोलायला तोंड उघडून थांबले आहे असे वाटे. ओळ परत घातली.

सात. तीन वर्षांनी जुन्या डिस्का आवरताना मला दोन फायली सापडल्या. नाव एकच, तारखांत दोन दिवसांचे अंतर. दुसरीबरोबर त्यांचे पत्र होते: "आधीची टाकून द्यावी, तिच्यात खोट आहे. ही घ्यावी." पत्र मी तेव्हाच वाचलेले होते. वाचल्याची खूणही केलेली होती. तरी गाठोड्यात घातली ती पहिली.

मी स्वयंपाकघरात जाऊन भांडी घासली. घासलेलीच परत घासली. मग संगणक बंद केला आणि कोणालाही काही सांगितले नाही. पुढची नऊ वर्षे सांगितले नाही. सांगितले असते तर गाठोड्यावरचा विश्वास उडाला असता, असे मी स्वतःला समजावत असे. ते खोटे नव्हते, म्हणूनच ते कामाला येत गेले. पण फोनवर कोणीही "बरं" म्हणाले की मी बोलणे तिथेच तोडायची. भाजीवाला म्हणाला तरी.

आठ. या वर्षी मार्चमध्ये एका अनोळखी नंबरवरून फोन आला. "काकू, मी घड्याळजींची मुलगी. बाबांचं मशीन सुरूच होत नाहीये. तुमचा नंबर दुकानाच्या भिंतीवर लिहिलाय, 'ताई, गाठोडे' असा."

मी नाही म्हणू शकत होते. मी गेले.

दुकान घराच्या पुढच्या खोलीतच. लाकडी फळी, तिच्यावर काचेचा पेला पालथा घातलेला, आत एक उघडे घड्याळ, बारा वर्षांपूर्वी सोडले तसे. मुलगी चाळिशीची, औषधांच्या दुकानात काम करते. तिची आई आतल्या खोलीत होती, तिच्या कण्हण्या-खोकण्याचा आवाज येत होता. मशीनला फारसे काही झाले नव्हते. संगणकात तारीख लक्षात ठेवायला नाण्याएवढा एक सेल असतो, तो संपला होता. मी बदलला. पडद्यावर ती ओळ आली.

मुलगी म्हणाली, "अय्या! हे बाबाच म्हणायचे. रोज सकाळी आम्हाला उठवताना."

ती चहा ठेवायला गेली. पडद्यावर 'ताई' नावाचा कप्पा होता. मी उघडला. आत त्या दोन्ही फायली शेजारी शेजारी ठेवलेल्या, फरकाच्या ओळी अधोरेखित केलेल्या. खाली फलकासाठी लिहिलेले पत्र: "मंडळी, दोन्ही फायली सोबत जोडतो. पाहून घ्यावे. चूक कोणाची हे..." तिथेच ते थांबले होते. त्याखाली आठवड्यानंतरची तारीख घालून एवढेच लिहिले होते: "पाठवू नये. ताईंनी काम सोडले तर बांधणार कोण? चाळीस लोकांचे काम माझ्या नावापेक्षा मोठे आहे."

त्यांना सगळे माहीत होते. मला कळण्याच्या तीन वर्षे आधीपासून.

मुलगी कप घेऊन आली. "काही सापडलं का, काकू?"

"काही नाही," मी म्हणाले. "जुनी पत्रं आहेत."

पहिली चूक हातून झाली होती. ही मी तिच्या डोळ्यांत बघून केली. वर चहाही प्यायले. ती सांगत बसली, "बाबांच्या हातून कुणाचं तरी फार नुकसान झालं होतं म्हणे. एक माणूस फोनवर त्यांना वाटेल ते बोलला. त्यानंतर त्यांनी दुरुस्तीची घड्याळं घेणंच सोडलं. पट्टे लावायचे आणि सेल बदलायचे, बस. आईचं आणि त्यांचंही काहीतरी बिनसलं. ती त्याबद्दल बोलत नाही."

नऊ. हे मृत्युपत्र मी प्रथम लिहिले तेव्हा इथे असे कलम होते की वरील हकिगत माझ्या मृत्यूनंतर घड्याळजींच्या घरी वाचून दाखवावी. सहीसाठी वहिनीला बोलावले. तिने चष्मा लावून सगळे वाचले आणि पेन खाली ठेवले.

"मी सही करणार नाही."

"का?"

"मेल्यावर कबुली देणार तुम्ही? मग त्या बायकांनी भांडायचं कोणाशी, तुमच्या फोटोशी?"

मी म्हणाले, "मला नाही जमणार गं."

"मला तुमच्या भावाबरोबर चाळीस वर्षं जमलं," वहिनी म्हणाली. "तुम्हाला एक दुपार जमेल."

तेव्हा सही चार दिवस लांबली आणि हे कलम नव्याने लिहावे लागले.

दहा. मी मंगळवारी दुपारी गेले. मुलगी घरी होती. घड्याळजींच्या पत्नी, वय शहात्तर, खिडकीजवळच्या खुर्चीत बसल्या होत्या. मार्चमध्ये त्या कप्प्याची नक्कल मी पेनड्राइव्हवर उतरवून घेतली होती, तिचे कागद छापून नेले होते. उभ्यानेच सांगितले, कारण बसले असते तर मी गप्पा मारल्या असत्या. गाठोड्यात चुकीची फाईल मी घातली. दोष त्यांच्यावर मी टाकला. मला नऊ वर्षांपासून ठाऊक आहे. मार्चमध्ये तुमच्या मुलीशी खोटे बोलले.

मुलगी म्हणाली, "तुम्ही इथे बसून चहा प्यायलात." ती उठून दुकानात गेली आणि मी निघेपर्यंत बाहेर आली नाही. तिने मला क्षमा केली असा समज या कागदावरून कोणी करून घेऊ नये.

पत्नींनी भिंग घेऊन ते अर्धे पत्र वाचले. खालच्या दोन ओळी पुन्हा वाचल्या.

"म्हणजे त्यांना माहीत होतं."

"हो."

"आणि मला सांगितलं नाही."

त्यांनी भिंग खाली ठेवले.

"तुमची काळजी केली," त्या म्हणाल्या, "त्या चाळीस लोकांची केली. मला मात्र खोट्यातच ठेवलं माणसानं." त्या रागावल्या होत्या, माझ्यावर नव्हे. निदान पहिल्यांदा माझ्यावर नव्हे. मग म्हणाल्या, "नाव लावा त्यांचं. तुमच्या माफीचं मी नंतर बघेन."

त्याप्रमाणे त्याच रात्रीच्या आत घड्याळजींचे नाव फाईलवर परत लावले आहे आणि दोन्ही फायली, त्यांचे पत्र आणि माझा कबुलीजबाब फलकावर ठेवला आहे. सात जण सोडून गेले. दातांच्या डॉक्टरांनी मला जे लिहिले ते इथे उतरवण्याजोगे नाही, पण रास्त आहे. विणकराने दुसऱ्या दिवशी एकच ओळ लिहिली: "मी त्यांना फोनवर काय काय बोललो ते तुम्हाला ठाऊक नाही, आणि मी सांगणारही नाही."

अकरा. मोहोर मी हवामान केंद्रातल्या बाईंना आजच दिली आहे, त्यासाठी माझ्या मरणाची वाट पाहायची नाही. अट एकच: बांधणारा एक आणि उघडून तपासणारा दुसरा. दोघांनी पाहिल्यावाचून मोहोर उमटवायची नाही, बांधणाऱ्याची कितीही ख्याती असो. तीनपैकी दोन संगणक छापखान्याला द्यावेत, तिसरा विणकराला, त्याने घेतला तर. भूमितीची ती दोन पुस्तके मी पुन्हा टंकून पूर्ण केली आहेत. ज्यांना ती हवी होती ती मुले आता पंचविशीच्या पुढे गेली.

बारा. हे कलम माझे नाही. काल घड्याळजींच्या पत्नींचा फोन आला. म्हणाल्या, "तुमच्या त्या कागदात माझंही एक लिहा."

मी सांगितले की मृत्युपत्र माझे आहे, त्यात दुसऱ्याचे बोलणे घालता येत नाही.

"मग तुमच्याच अक्षरात घाला. मला दुसरीकडे कुठे लिहिता येणार? मी कुणाला सांगितलेलं नाही, मुलीलाही नाही."

त्या सांगत गेल्या आणि मी लिहून घेतले. विणकराचा घड्याळजींना फोन आला त्या दिवशी ते जेवले नाहीत. फळीशी बसून होते, समोर कोणाचे तरी जुने किमती घड्याळ उघडे होते. त्या दारात येऊन म्हणाल्या, "ते मिटा आणि परत द्या ज्याचं त्याला. तुमच्या हाताचा आता भरवसा राहिला नाही." घड्याळजींनी घड्याळावर पेला पालथा घातला. त्यानंतर त्यांनी दुरुस्तीसाठी कोणाचेही घड्याळ उघडले नाही.

"तुमच्यामुळे नाही सोडलं त्यांनी काम," त्या मला म्हणाल्या. "विणकरामुळेही नाही. माझ्यामुळे सोडलं."

मी विचारले, "पुढे काय लिहू?"

त्या म्हणाल्या, "लिहा, 'अहो, हात चांगला होता तुमचा.'"

वकील म्हणतात, या कलमाला कायद्यात काही अर्थ नाही. तरीही ते राहू द्यावे. कोणीही खोडू नये.

वरील सर्व मजकूर मी स्वतःच्या अक्षरात लिहिला, स्वतः वाचला आणि मला मान्य आहे.

ठिकाण: राहते घर, मधली खोली
दिनांक: ९ नोव्हेंबर २०२३, गुरुवार, सकाळी साडेदहा

(सही) लिहून ठेवणार

आम्हा दोघांच्या देखत त्यांनी हे मोठ्याने वाचले आणि सही केली. बाराव्या कलमाशी थांबल्या, पाणी प्यायल्या आणि ते कलम पहिल्यापासून पुन्हा वाचले. पूर्ण शुद्धीत होत्या.

साक्षीदार:
१. (सही) वहिनी, धाकट्या भावाची पत्नी
२. (सही) वरच्या मजल्यावरचे निवृत्त पोस्टमास्तर